बर्फावरचा हक्क

दार वाजलं तसा कोल्बी व्हेटर खुर्ची मागे सारून उठला. दार उघडणं त्याचंच काम होतं. न्यायमूर्तींची बैठक चालू असताना त्या खोलीत पाचांखेरीज सहावं माणूस पाऊल टाकत नाही. आणि पाचांतला जो सर्वांत नवा, त्याने दाराजवळच्या खुर्चीत बसायचं, बाहेरून काही आलं तर घ्यायचं, सगळ्यांना कॉफी ओतायची, आणि मतं द्यायची वेळ आली की सर्वांच्या आधी तोंड उघडायचं, अशी राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाची रीत होती. थोरांचं ऐकून धाकट्याने नुसती मान डोलावू नये म्हणून कुणा शहाण्याने ती घालून दिली होती. कोल्बीची नेमणूक वसंतातली. शेतकऱ्याचा मुलगा, अंगापिंडाने दांडगा, पण मनात काही आलं की आधी कान लाल व्हायचे. कॅरमेल रोलचं, म्हणजे साखरपाक लावलेल्या गोड पावांचं, ताट घेऊन तो परत आला तेव्हा ते लालच होते.

“ताट ठेव आधी,” मुख्य न्यायमूर्ती रोलंड क्रेंझ म्हणाला. “हात मोकळे कर, मग मत दे.”

कोल्बीने ताट ठेवलं. टेबलाच्या पलीकडच्या टोकाला बसलेल्या आर्डिस हाल्वरसनकडे त्याने एकदा पाहिलं आणि नजर खाली घेतली.

“मी शेतकऱ्याच्या बाजूने आहे,” तो म्हणाला. “माफ करा, मॅडम.”

“माफी कसली मागतोस? कारण सांग,” आर्डिस म्हणाली. “आणि मला आर्डिस म्हण, किती वेळा सांगू.”

“हो, मॅडम.”

क्रेंझ खोकला. ते हसू होतं.

प्रकरण बर्फाचं होतं. राज्याच्या ईशान्येला स्वीटग्रास नावाचं तळं आहे. त्याला बाहेर पडायला वाट नाही, त्यामुळे ओली वर्षं पाठोपाठ आली तसं ते फुगत गेलं आणि कडेच्या शेतांवर चढून बसलं. हिवाळ्यात त्याच्यावर हातभर जाडीचा बर्फ धरला की गावोगावचे लोक आपापली खोपटी ओढत आणायचे, बर्फाला भोक पाडायचे आणि मासे धरत बसायचे. एका शेतकऱ्याने पिंपं मांडून, दोर बांधून वाट अडवली. खाली माझं शेत आहे, असं त्याचं म्हणणं. वर सगळ्यांचं पाणी आहे, असं मासेवाल्यांचं. दोघेही खरंच बोलत होते, म्हणून तर खटला इथवर आला होता.

चोवीस वर्षांपूर्वी दुसऱ्या एका तळ्यावरून हाच प्रश्न या टेबलावर आला होता. तेव्हा दाराजवळच्या खुर्चीत आर्डिस होती. चौघांनी शेतकऱ्याच्या बाजूने निकाल दिला आणि तिने एकटीने भिन्न मत लिहिलं. ‘पाणी सगळ्यांचं असेल, तर ते थिजलं म्हणून एकट्याचं कसं होईल?’ हे तिचं वाक्य. कायदा काही बदलला नाही, पण वाक्य फार फिरलं. ते विद्यार्थ्यांच्या पुस्तकांत गेलं. मासे धरायचं आमिष विकणाऱ्या दुकानांतून लोकांनी ते फळीवर रंगवून टांगलं. नवरा वर्डेल तर ते वाक्य छापलेली टोपी घालून चर्चमध्ये जाऊन आला होता, आणि त्यावरून घरात दोन दिवस बोलणं बंद होतं.

कोल्बीने कारणं सांगितली. थोडी अडखळत सांगितली, पण सांगितली. मग पेट्रा लँग आणि तिच्या शेजारचा नॉर्डबी, दोघंही म्हणाले की चोवीस वर्षांपूर्वी आर्डिसचंच बरोबर होतं, जुना निकाल मोडायला हवा. क्रेंझने नकार दिला.

“मोडायला मला कारण लागतं,” तो म्हणाला. “नुसतं वाक्य चांगलं आहे म्हणून नाही मोडणार.”

म्हणजे दोन-दोन. सर्वांत जुन्या न्यायमूर्तीने शेवटी बोलायचं असतं. सगळे आर्डिसकडे पाहू लागले.

“माझं मत काय असेल, याची कुणाला उत्सुकता आहे का?” तिने विचारलं.

खोली हसली. कोल्बीसुद्धा हसला. निकाल आर्डिसने लिहायचा, भिन्न मत कोल्बीने, असं ठरलं. आर्डिसने एक कॅरमेल रोल उचलला आणि शांतपणे खाल्ला. आत आनंदाच्या उकळ्या फुटत होत्या, पण हरलेल्यांसमोर त्या दाखवायच्या नसतात, एवढं ती इतक्या वर्षांत शिकली होती.

ती या न्यायालयात आली तेव्हा तिला पुरुषाच्या मापाचा झगा मिळाला होता. बाह्या टाचण्यांनी वर धरून तिने पहिला महिना काढला. एकदा भर सुनावणीत टाचणी टोचली आणि ती “आई गं!” म्हणून ओरडली, तर समोरच्या वकिलाला वाटलं, आपलाच मुद्दा वर्मी लागला. त्याआधी ती जिल्ह्याची सरकारी वकील होती आणि त्याहीआधी न्हाव्याची मुलगी. राज्यपालांचा फोन आला त्या दिवशी ती बीट बरण्यांत भरत होती. हात कोपरापर्यंत लाल, म्हणून फोन वर्डेलने तिच्या कानाला धरला होता. तेव्हापासून तिने चार मुख्य न्यायमूर्ती पाहिले. स्वतः व्हायला मात्र दोनदा नाही म्हणाली. बैठकीचे कागद सांभाळण्यापेक्षा बैठकीत भांडायला मला जास्त आवडतं, असं तिने सांगितलं, आणि ते खोटं नव्हतं.

आता फेब्रुवारीच्या शेवटी ती सत्तर वर्षांची होणार होती. या राज्याच्या घटनेप्रमाणे सत्तर पुरी झाली की न्यायमूर्तीची खुर्ची रिकामी होते. त्या दिवसापर्यंत जो निकाल बाहेर पडला नाही, त्यातलं तिचं मत धरायचं नाही. मग दोन-दोन राहणार, तिच्या जागी कुणीतरी नवं येणार आणि खटला पुन्हा पहिल्यापासून चालणार. ते नवं माणूस काय म्हणेल, ते राज्यपालांनाही ठाऊक नव्हतं.

आर्डिसने निकाल नाताळच्या आधीच लिहून काढला. चोवीस वर्षं मनात घोळवलेलं कागदावर यायला कितीसा वेळ लागणार? तिने तो सगळ्यांकडे पाठवला. पेट्राने सही केली, नॉर्डबीने केली. आता राहिलं फक्त कोल्बीचं भिन्न मत. ते आलं की दोन्ही एकत्र बाहेर पडणार.

आणि इथेच घोडं अडलं. कारण या न्यायालयाची दुसरीही एक रीत होती. जो हरलेला आहे, जो भिन्न मत लिहितो आहे, त्याला तारीख विचारायची नाही. जिंकलेल्यांना घाई असतेच; हरलेल्याला निदान वेळ तरी मिळायला हवा. ही रीत कुठे लिहिलेली नव्हती, पण मुख्य न्यायमूर्तीसुद्धा ती मोडत नसे. चोवीस वर्षांपूर्वी आर्डिसने आख्खा हिवाळा घेतला होता. तेव्हाचा म्हातारा मुख्य न्यायमूर्ती रोज सकाळी तिला हवापाण्याचं विचारी. एकदा तिच्या खोलीत येऊन त्याने चुरगाळलेल्या कागदांचा ढीग पाहिला, एक कॅरमेल रोल टेबलावर ठेवला आणि एक शब्द न बोलता निघून गेला. त्या माणसाने एकदा जरी “कधी?” असं विचारलं असतं, तर तिने जे सुचेल ते लिहून देऊन टाकलं असतं आणि ते वाक्य तिला सापडलंच नसतं. हे तिच्याइतकं कुणाला माहीत होतं?

तेव्हा तिने विचारलं नाही. जानेवारी गेला. कोल्बी मजल्यावर समोरून आला की दोघं थांबत.

“गारठा आहे,” आर्डिस म्हणे.

“आहे, मॅडम.”

“वाढेल म्हणतात.”

“हो, मॅडम.” आणि कान लाल करून तो आपल्या खोलीत शिरे.

पेट्रा लँगला राहवेना. “अगं, तू नाही विचारत तर मी विचारते,” ती म्हणाली. “मी काही लिहीत नाहीये, मला काय?”

“तू विचारलंस तर मी माझी सही काढून घेईन,” आर्डिस म्हणाली. ती थट्टा करत नव्हती.

पण ती काही संत नव्हती. कोल्बीच्या खोलीतून छपाईयंत्राचा आवाज आला की तिची पावलं मंदावत. यंत्र दोन पानांवर थांबलं की तिला वाईट वाटे. हा निकाल तिला हवा होता. सव्वीस वर्षांत तिने कितीतरी निकाल लिहिले आणि बहुतेक विसरली, पण हा एक तिला मनापासून हवा होता, आणि तो असा हातातोंडाशी येऊन थांबला होता.

खटल्याचं घरी बोलायचं नाही हा नियम तिने कधी मोडला नाही. पण बायको लिहून मोकळी झाली आहे आणि कुणाची तरी वाट बघते आहे, हे जन्मभर जनावरांचा डॉक्टर असलेल्या वर्डेलला न सांगता कळलं. मुक्या जिवांचं दुखणं ओळखण्यात त्याचा हात धरणारं कुणी नव्हतं. एका शनिवारी तो म्हणाला, “त्या तुमच्या नव्या जज्जाला मासे धरायला बोलावलंय मी आज. येतोय.”

“का?”

“का म्हणजे? मासे धरायला.”

ताकाला जाऊन भांडं लपवणाऱ्या नवऱ्याकडे आर्डिसने रोखून पाहिलं. मग जाड बूट चढवले.

नदीच्या अडवलेल्या पाण्यावर त्यांचं खोपटं होतं, पत्र्याचं, आत छोटी शेगडी. कोल्बीने गिरमिट हातात घेतलं आणि बर्फाला झरझर तीन भोकं पाडली. त्यात मात्र तो अडखळला नाही. तिघं उलट्या घातलेल्या बादल्यांवर बसले. वर्डेलने सॉसेज कापलं, कॉफी ओतली, एका गाभण गाईची लांबलचक गोष्ट सांगितली. मग गुडघ्यांवर हात टेकून उठला.

“बाहेर दोऱ्या टाकल्यात, त्या बघून येतो जरा,” तो म्हणाला.

बाहेर त्यांनी एकही दोरी टाकलेली नव्हती. पत्र्यापलीकडे वर्डेलची पावलं कुरकुर वाजत लांब गेली.

“मॅडम,” कोल्बी भोकात बघत म्हणाला, “मला लिहिता येत नाहीये.”

आर्डिसने आपल्या गळाची दोरी थोडी खाली सोडली.

“लिहितो. वाचतो. मग तुमचं जुनं भिन्न मत काढून वाचतो आणि माझं फाडून टाकतो. कॉलेजात आमच्याकडून पाठ करून घेतलं होतं ते.”

“पाठ?”

“परीक्षेत यायचं.”

“अरे देवा,” आर्डिस म्हणाली. “मग तर तुझा राग रास्तच आहे.”

कोल्बी हसला नाही. “तुमचा वाढदिवस कधी आहे ते मला कळतं, मॅडम. सगळ्या इमारतीला कळतं. केकसुद्धा सांगून झालाय. लोकांना वाटतंय मी मुद्दाम लांबवतोय.” त्याने हातमोजा काढला, पुन्हा घातला. “मी एका ओळीत देतो. ‘मी सहमत नाही.’ बस. क्रेंझसाहेब सही करतील. सोमवारी देतो, मंगळवारी तुमचा निकाल बाहेर.”

आर्डिसच्या गळाचं तरंगतं बूच खाली ओढलं गेलं. मासा लागला होता. तिचा हात दोरीवर गेला नाही.

नुसती मान हलवायची होती. विचारलंही नव्हतं तिने, त्याने आपणहून ताटात वाढलं होतं. रीत मोडली असं कुणी म्हटलं नसतं. मंगळवारी निकाल बाहेर, आणि चोवीस वर्षांचं सार्थक. हो म्हणावंसं तिला इतकं वाटलं की तिने कॉफीचा पेला दोन्ही हातांनी धरला.

“नको,” ती म्हणाली.

“पण वेळ—”

“वेळेबद्दल मी तुला काही विचारलं का?”

“नाही.”

“मग तू कशाला सांगतोस? घरी जेवायला बोलावून पाणी पाजून पाठवल्यासारखं आहे हे तुझं एका ओळीचं.” ती पुढे वाकली. “माझं पान अकरा वाचलंस?”

“सगळंच वाचलंय.”

“तिथे एक वाक्य आहे. ‘बर्फावर कुणी येऊन बसलं, तर जमिनीच्या मालकाचं काहीच जात नाही.’ जुन्या मतातलं तसंच उचललंय मी. इतक्या वर्षांत ते लोकांनी पाठ केलं, त्या दुसऱ्या वाक्यासारखं टोप्यांवर छापायचंच काय ते राहिलं, पण मला एकानेही विचारलं नाही की बाई, खरंच काही जात नाही का? मी न्हाव्याची मुलगी. आमची जमीन म्हणजे दुकानापुढची पायरी. तू शेतावर वाढलास. काही जात नसेल तर खुशाल एक ओळ लिही. जात असेल तर काय जातं ते लिही.”

कोल्बीने भोकातल्या काळ्या पाण्यावर धरलेली बर्फाची साय बोटाने फोडली.

“जातं,” तो म्हणाला.

“मला नको सांगू. कागदावर सांग.”

वर्डेल परत आला तेव्हा त्याच्या मिशांवर बर्फ जमला होता. “काय, लागलं का काही गळाला?” त्याने भाबडेपणाने विचारलं.

“सुटलं,” आर्डिस म्हणाली.

घरी जाताना गाडीत त्याने दम धरून पाहिला, पण गावाची वेस येईपर्यंत त्याचा धीर सुटला. “मग? कधी देणारेय तो?”

“विचारलं नाही. उलट त्याला आणखी काम लावून आले.”

“अगं, मी तिकडे त्या थंडीत उभा राहून माझं नाक गळायची वेळ आली! आणि तू आपल्याच हाताने आपल्या पायावर धोंडा पाडून घेतलास?”

“हो,” आर्डिस म्हणाली, आणि तिचं तिलाच नवल वाटलं की ती हसत होती.

पण दिवस सरत होते आणि ते हसू टिकलं नाही. वाढदिवसाच्या आदल्या आठवड्यात तिने खोलीतली चित्रं उतरवली, पुस्तकं खोक्यांत भरली. कोल्बीचं दार बंद. क्रेंझ रोज तिच्याकडे डोकावून हवेबद्दल बोलून जाई. शेवटी शेवटी त्याला हवेबद्दलही काही सुचेना. एकदा तो तिच्या टेबलापाशी उगीचच उभा राहिला. “मी त्याच्याच बाजूचा आहे, आर्डिस,” तो म्हणाला. “तरी मला झोप लागत नाही.” आर्डिसने त्याला खोक्यातून एक दोऱ्याचं रीळ काढून दिलं आणि पुस्तकांचा गठ्ठा बांधायला लावला.

शेवटच्या दिवशी दुपारी खालच्या दिवाणखान्यात निरोपाचा समारंभ झाला. लांबरुंद पांढरा केक, हॅम भरलेले पाव, मोठ्या किटलीत कॉफी. जुने वकील आले होते, हरलेले आणि जिंकलेले. टाचणीवाला वकीलही आला होता, आता टकला झालेला, आणि ती गोष्ट त्याने अशी सांगितली की शेवटी त्याचा मुद्दाच खरा ठरला होता. आर्डिस पोट धरून हसली. क्रेंझने भाषण केलं. भाषण चालू असताना तो दर दोन वाक्यांनंतर दरवाज्याकडे बघत होता. कोल्बी आला नव्हता. आर्डिसने मनाची तयारी केली. नाही तर नाही. आपण जे मागितलं नाही ते मिळालं नाही, यात कुणाचा दोष? असं तिने मनाशी दोनदा म्हटलं, आणि दोन्ही वेळा तिची नजर दरवाज्याकडे गेली.

केक कापून झाला आणि कोल्बी आत आला. दाढी वाढलेली, टाय नाही, हातात कागद. लोक आपोआप बाजूला झाले.

“उशीर झाला, मॅडम,” तो म्हणाला.

“कशाला उशीर?” आर्डिस म्हणाली. “तारीख कुठे ठरली होती?” तिने हातातली बशी वर्डेलकडे दिली, कागद घेतले आणि आपल्या रिकाम्या खोलीत गेली.

भिन्न मत लांब नव्हतं. पहिली पानं कायद्याची होती, नीटनेटकी, कुठेही अडखळलेली नाहीत. मग हे आलं:

‘माझ्या लहानपणी शरदात शिकारी यायचे. रस्त्यावर गाडी उभी करायचे, टोपी हातात घेऊन विचारायचे, तुमच्या पाणथळीकडे जाऊ का? माझ्या वडिलांनी आयुष्यात कुणाला नाही म्हटलं नाही. तरी प्रत्येक जण विचारायचा, आणि ते प्रत्येक वेळी थोडा विचार केल्यासारखं करून हो म्हणायचे. पाणी चढतं तेव्हा माणसाचं पीक जातं. ते गेलं, हे त्याला कळतं. पाण्याशी भांडण नसतं. आजच्या निकालानंतर त्याला कुणी विचारण्याचं कारण उरत नाही. पान अकरावर म्हटलं आहे की मालकाचं काहीच जात नाही. हे जातं.’

आर्डिसने चष्मा काढला. मग पुन्हा लावला आणि तेवढंच पुन्हा वाचलं. तिला इतका आनंद झाला की ती उठून उभी राहिली. मतं मोजली त्या दिवशीही असा झाला नव्हता. पोराने बरोबर तिथेच पाऊल ठेवलं होतं जिथे बर्फ पातळ होता, आणि तिला जे कधी दिसलं नव्हतं ते तिथून काढून आणलं होतं. याला आता कुणाचं काही पाठ करायची गरज नव्हती. उद्या या इमारतीत आपण नसणार, ही गोष्ट तिला पहिल्यांदाच हलकी वाटली.

क्रेंझ दारात येऊन उभा राहिला. मागे पेट्रा.

“उत्तर लिहिणार आहेस?” त्याने विचारलं. “चार वाजलेत.”

“पाणी सगळ्यांचं आहे,” आर्डिस म्हणाली. “ते मी सोडत नाही. पण पान अकरावर तो म्हणतो ते खरं आहे.”

“मग ते वाक्य काढून टाक.”

“काढलं तर त्याचं उत्तर हवेत लोंबकळेल. वाक्य राहू दे चुकीचंच. खाली तळटीप घालते.” आणि तिने उभ्याउभ्याच लिहिलं: ‘या वाक्याबद्दल न्यायमूर्ती व्हेटर यांचं म्हणणं बरोबर आहे.’

क्रेंझने ते वाचलं. “हरलेल्याला बरोबर म्हणणारी जिंकलेल्याची तळटीप मी उभ्या जन्मात पाहिली नाही.”

“आता पाहिलीस ना? मग त्याच्या मतावर सही कर.”

निकाल पाच वाजायच्या आत बाहेर पडला. तीन विरुद्ध दोन. आर्डिस खाली गेली तेव्हा केक संपत आला होता. कोल्बी एका कोपऱ्यात शेवटचा तुकडा उभ्यानेच खात होता. तिने जाऊन त्याच्या पाठीवर जोरात थाप मारली.

“छान लिहिलंस,” ती म्हणाली.

“थँक यू, आर्डिस,” कोल्बी म्हणाला, आणि त्याचे कान जागच्या जागी पेटले.

पुढच्या आठवड्यात, एका स्वच्छ सकाळी, वर्डेल आणि आर्डिस खोपटं गाडीच्या मागे बांधून स्वीटग्रास तळ्यावर गेले. वर्डेलने हट्टच धरला होता: बायकोने मिळवून दिलेल्या बर्फावर पहिला मासा आपण धरायचा. त्याने ती जुनी टोपीसुद्धा घातली होती, आणि आज आर्डिसने तिच्याबद्दल एक शब्द काढला नाही. रस्ता एका शेताच्या कडेने उतरून सरळ बर्फात शिरत होता. खटल्यातलं शेत ते नव्हे. पण त्याचंही निम्मं तळ्याखाली गेलेलं, आणि उरलेल्या निम्म्यावर एक बाई ट्रॅक्टरने अंगणातला बर्फ ढकलत होती.

“थांब,” आर्डिस म्हणाली.

“का? अगं, हा बर्फ आता सगळ्यांचा आहे. तूच लिहिलंयस. सरळ जायचं!”

“थांब म्हणते ना.”

वर्डेलने गाडी थांबवली. आर्डिस उतरली आणि गुडघाभर बर्फातून ट्रॅक्टरकडे चालत गेली. बाई साठीची असेल, तोंडाला मफलर गुंडाळलेला. तिने यंत्राचा आवाज कमी केला.

“नमस्कार,” आर्डिस म्हणाली. “तुमच्या बाजूने बर्फावर जाऊ का? दोघंच आहोत. दुपारपर्यंत बसू.”

बाईने मफलर खाली ओढला.

“तुम्ही पेपर वाचत नाही वाटतं,” ती म्हणाली. “आता विचारावं लागत नाही. कोर्टाने सांगितलंय.”

“हो, ऐकलंय मी,” आर्डिस म्हणाली. “तरी विचारते.”

बाईने तिच्याकडे पाहिलं. मग गाडीकडे, खोपट्याकडे, बर्फाकडे पाहिलं. ट्रॅक्टर बंद केला आणि थोडा विचार केल्यासारखं केलं.

“जा,” ती म्हणाली. “पण उजवीकडून जा. डावीकडे बर्फाखाली आमचं कुंपण आहे.”